प्रोटेस्टंट उपासनेत गायचं कोणी? अँथम, चँट आणि मंडळीचा आवाज

मधुमालती

नमस्कार मंडळी,

नोकरीनिमित्त सध्या इंग्लंडमध्ये राहते. इथल्या कॅथीड्रलांमध्ये संध्याकाळी 'इव्हनसाँग' नावाची उपासना असते. मी ख्रिस्ती नाही, पण गाण्याची ओढ आहे, म्हणून ऑफिस सुटल्यावर जाऊन बसते. कोणी अडवत नाही, कोणी काही विचारत नाही. गाणं इतकं सुंदर असतं की घरी येईपर्यंत डोक्यात घुमत राहतं.

एक गोष्ट मात्र उलगडत नाही. शाळेत आपण शिकलो की ल्यूथरने उपासना लोकांच्या भाषेत आणली आणि गाणं पाद्र्यांच्या तोंडून काढून सगळ्यांच्या तोंडी दिलं. इथे पाऊण तासात लोक जवळजवळ काहीच गात नाहीत. स्तोत्रं गायकवृंद गातो, मरियेचं गीत आणि शिमोनाचं गीत तोच गातो, शेवटी 'अँथम' म्हणून एक मोठी रचना असते तीही त्याचीच. बाकीचे कधी उभे, कधी बसलेले, ऐकत असतात. मग प्रोटेस्टंट झाल्यावर बदललं ते काय? आणि हे सगळं टिकलं कसं?

दुसरा प्रश्न स्तोत्रांच्या चालीचा, म्हणजे चँटचा. ताल कुठेच सापडत नाही. एका सुरावर भराभर शब्द जातात आणि शेवटी तीन-चार स्वर बदलून चाल थांबते. पंचवीस माणसं एकही शब्द मागेपुढे न होता हे कसं करतात?

जाणकारांनी लिहावं. सविस्तर लिहिलं तर अधिक आनंद.

कृष्णविवर

विषय नवा आहे. खुर्ची टाकून बसलो आहे.

नगरकर

मधुमालतीताई, धागा काढल्याबद्दल मनापासून आभार. मी अहमदनगरच्या ख्रिस्ती घरातला. आमच्याकडे उपासना म्हणजे 'उपासना संगीत' हे गीतपुस्तक हातात आणि सगळी मंडळी एका सुरात. पेटी आहे, तबला आहे, पुढे चारपाच जण उभे राहतात, पण त्यांचं काम सूर धरून देण्याचं. पाळकसाहेबांनी गीताचा नंबर सांगितला की आजीपासून नातवापर्यंत सगळे गाणार. ज्यांना वाचता येत नव्हतं त्या आमच्या म्हाताऱ्या बायकांना शेकडो कडवी पाठ होती.

माझं मत स्पष्ट आहे. उपासनेतलं गाणं मंडळीचं. ती गप्प बसून ऐकत असेल तर धर्मसुधारणेतलं मोठं काम अर्धं राहिलं. अँथम ऐकायला गोड लागतो, हे मान्य. पण तो राजेराण्यांच्या दरबाराचा वारसा आहे.

रुक्ष_इतिहास

थोडं मागून सुरू करू. 'प्रोटेस्टंट संगीत' अशी एकच गोष्ट कधी नव्हती. पहिल्या पिढीतच तीन वाटा फुटल्या.

ल्यूथर स्वतः गाणारा, ल्यूट वाजवणारा. त्याने मंडळीला गाणं दिलं हे खरं, पण गायकवृंद काढून टाकला नाही. १५२४ साली न्युरेम्बर्गला आठ गीतांचं छोटं पुस्तक निघालं. त्याच वर्षी योहान वाल्टरने विटेनबर्गला अनेक आवाजांसाठी बांधलेल्या गीतांचं पुस्तक काढलं आणि त्याला प्रस्तावना ल्यूथरची. म्हणजे पहिल्या वर्षापासून दोन्ही शेजारी शेजारी. कडव्याआड कडवं वाटून घ्यायचं, एक मंडळीचं, एक गायकांचं, अशीही रीत होती. पुढे लाइपझिगला संगीतकार बाखने रविवारच्या उपासनेसाठी गायकवृंदाच्या ज्या मोठ्या रचना केल्या त्यांचं बीज इथे आहे.

झुरिकचा सुधारक झ्विंगली दुसऱ्या टोकाला. तो तर ल्यूथरपेक्षाही जास्त वाद्यं वाजवणारा. तरीही त्याने झुरिकच्या उपासनेतून संगीत पूर्ण बंद केलं आणि १५२७ मध्ये तिथल्या मुख्य चर्चमधला ऑर्गन मोडून टाकण्यात आला. झुरिकच्या मंडळीला पुन्हा गायला मिळालं ते थेट १५९८ मध्ये.

तिसरा कॅल्व्हिन. जिनिव्हात फक्त बायबलमधली स्तोत्रं, फ्रेंच पद्यात बसवलेली, सगळ्यांनी एका सुरात, वाद्याविना. क्लेमाँ मारो आणि थिओडोर बेझ यांनी पद्यं रचली, चालींचं बरंच काम लुई बुर्जवाचं. पूर्ण दीडशे स्तोत्रांचं पुस्तक १५६२ मध्ये तयार झालं. क्लोद गुदिमेलने याच चाली चार आवाजांत बांधल्या, पण प्रस्तावनेतच सांगितलं की या चर्चसाठी नाहीत, घरी गाण्यासाठी आहेत.

जिनिव्हाची शिस्त किती कडक? १५५१ मध्ये बुर्जवाने लोकांना पाठ असलेल्या काही चाली परवानगीशिवाय बदलल्या म्हणून त्याला तुरुंगात टाकलं. कॅल्व्हिनने मध्ये पडून दुसऱ्या दिवशी सोडवलं.

कृष्णविवर

चाल बदलली म्हणून तुरुंग! आमच्या गणेशमंडळात हा कायदा असता तर आरतीच्या वेळी निम्मी आळी आत असती.

ऑर्गनपेटी

इंग्लंडचा भाग मी घेतो. हा माझा जिव्हाळ्याचा विषय आहे.

इंग्लंडमध्ये सुधारणा राजाच्या हुकमाने, वरून खाली आली. त्यामुळे कॅथीड्रलं, त्यांच्या जमिनी, त्यांचे गायक हे बरंचसं जागच्या जागी राहिलं. मठ मोडले, पण मठाची जी मोठी चर्चं कॅथीड्रल झाली तिथे नव्याने गायकवृंद नेमले गेले. प्रश्न एवढाच होता की त्यांनी आता गायचं काय.

१५४४ मध्ये आर्चबिशप क्रॅनमरने आठव्या हेन्रीला पत्र लिहिलं. इंग्रजी उपासनेसाठी चाल कशी असावी, तर स्वरांची गर्दी नको, शक्यतो एका अक्षराला एक स्वर, म्हणजे शब्द स्पष्ट कळतील आणि भक्तिभावाने गाता येतील. जुन्या लॅटिन रचनांमध्ये एकेका अक्षरावर स्वरांची लांबच लांब माळ असे, चार-पाच आवाज वेगवेगळे शब्द एकाच वेळी गात, आणि काय गातात ते कोणालाच कळत नसे. १५४८ मध्ये लिंकन कॅथीड्रलला हुकूम गेला की यापुढे मरिया किंवा संतांचे अँथम बंद, फक्त प्रभूचे, तेही लॅटिनमध्ये नाही, इंग्रजीत, आणि एका अक्षराला एक स्वर. लक्षात घ्या, अँथम गाऊ नका असं हुकमात कुठेच म्हटलेलं नाही.

टॅलिस या संगीतकाराचा 'इफ यी लव्ह मी' हा अँथम याच दिवसांतला. योहानाच्या शुभवर्तमानातली दोनतीन वाक्यं, चार आवाज, दोन-अडीच मिनिटं. बंधन पाळूनही किती करता येतं त्याचा तो नमुना. मी शेकडो वेळा ऐकला असेन, अजून मन भरत नाही.

मधुमालती, चँटच्या बाबतीत मरबेक हे नाव लक्षात ठेवा. हा विंडसरच्या राजचॅपेलचा, म्हणजे राजघराण्याच्या खास चर्चचा, ऑर्गनवादक. पाखंडी म्हणून त्याला पकडलं, जिवंत जाळण्याची शिक्षा झाली, मग माफी मिळाली. तोच पुढे १५५० मध्ये नव्या इंग्रजी प्रार्थनापुस्तकाला साध्या एकेरी चाली लावून छापतो. दोनच वर्षांत, १५५२ मध्ये, प्रार्थनापुस्तक बदललं आणि त्याचं काम बाजूला पडलं. एकोणिसाव्या शतकात लोकांनी ते पुन्हा शोधून गायला घेतलं.

एलिझाबेथ राणीने १५५९ मध्ये आदेश काढला, त्यात एक कलम संगीताचं. ज्यांना संगीतात आनंद वाटतो त्यांच्या समाधानासाठी प्रार्थनेच्या सुरुवातीला किंवा शेवटी एखादं स्तुतिगीत उत्तमातल्या उत्तम चालीत गायला हरकत नाही, अर्थ मात्र कळला पाहिजे. अँथमला चर्चमध्ये पाय टेकायला जागा मिळाली ती या कलमाने. पुढे १६६२ च्या प्रार्थनापुस्तकात ती सूचना म्हणून छापलीच गेली: जिथे गायकवृंद आहे आणि जिथे गातात, तिथे आता अँथम.

नगरकर

ऑर्गनपेटी, माहिती फार मोलाची आहे. पण त्यातूनच माझं म्हणणं पक्कं होतं. 'ज्यांना संगीतात आनंद वाटतो त्यांच्या समाधानासाठी' म्हणजे राणीच्या स्वतःच्या समाधानासाठी. संगीतकार विल्यम बर्ड हा कॅथलिक, तरी राणीच्या चॅपेलमध्ये राहिला तो तिला त्याचं संगीत हवं होतं म्हणून. देवाच्या घरात मंडळीला काय हवं ते कोणी विचारलं?

विचारणारे होते. १५७२ मध्ये प्युरिटनांनी, म्हणजे सुधारणा अजून पुढे नेऊ पाहणाऱ्या कडव्या प्रोटेस्टंटांनी, पार्लमेंटला उद्देशून जे पत्रक काढलं त्यात लिहिलं होतं की हे लोक स्तोत्रं टेनिसच्या चेंडूसारखी इकडून तिकडे टोलवतात. १६४४ मध्ये पार्लमेंटने ऑर्गन काढून टाकण्याचा हुकूम दिला. त्या रागामागे केवळ रुक्षपणा नव्हता. गरीब माणूस चर्चमध्ये येतो आणि त्याला मुका करून बसवलं जातं, ही खरी वेदना होती.

चौथा_स्वर

मी मुंबईत एका इंग्रजी उपासनेच्या गायकवृंदात आल्टो गाते. चँटचा प्रश्न माझ्याकडे द्या.

आधी एक फरक. स्तोत्र गाण्याचे दोन मार्ग. पहिला जिनिव्हाचा आणि स्कॉटलंडचा: स्तोत्राचं पद्य करायचं, आठ-सहा-आठ-सहा अक्षरांच्या ओळी, मग कुठलीही त्या मापाची चाल लावता येते. इंग्लंडच्या गावोगावच्या चर्चमध्येही १५६२ पासून स्टर्नहोल्ड आणि हॉपकिन्सचं असं पुस्तक चालत होतं. यात मंडळी सहज गाते, पण मापात बसवताना मूळ शब्दांची मोडतोड होते.

दुसरा मार्ग अँग्लिकन चँटचा. इथे शब्द गद्यच ठेवायचे आणि चालीला ताणायचं. स्तोत्राच्या प्रत्येक वचनाचे दोन भाग असतात. साध्या चँटमध्ये एकूण दहा स्वर, म्हणजे चार आवाजांत दहा स्वरमेळ. पहिल्या भागात चार, दुसऱ्यात सहा. प्रत्येक भागाचा पहिला स्वर 'धरून ठेवायचा'. त्यावर दोन शब्द येऊ देत नाहीतर वीस, सगळे त्याच सुरावर बोलायचे, अगदी बोलण्याच्या लयीत. मग उरलेल्या स्वरांवर शेवटचे शब्द वाटायचे. दुहेरी चँटमध्ये वीस स्वर आणि एका फेरीत दोन वचनं. जुन्या ग्रेगोरियन सुरावटीच्या घाटावरच हे उभं आहे, फक्त एका आवाजाचे चार झाले.

आता कुठला शब्द कुठल्या स्वरावर पडायचा हे सगळ्यांना एकसारखं कसं कळतं? पुस्तकात खुणा असतात. आम्ही त्याला 'पॉइंटिंग' म्हणतो. शब्दांमध्ये उभ्या रेघा, ठिपके, कंस. अशा खुणांचं पहिलं छापील पुस्तक ईली कॅथीड्रलच्या रॉबर्ट जेन्सने १८३७ मध्ये काढलं. त्याआधी शतकानुशतकं हे सगळं सवयीवर चालत होतं.

खुणा मात्र निम्मंच काम करतात. बाकीचं एकमेकांचा श्वास ऐकून होतं. सरावाच्या वेळी आमच्या बाई आधी चालीशिवाय नुसतं स्तोत्र वाचायला लावतात, सगळ्यांनी एकत्र, अर्थाप्रमाणे थांबत. ते जमलं की चाल आपोआप बसते. ताईंना ताल सापडला नाही कारण ताल वाक्याचा आहे.

आणि नगरकर, ते टेनिसच्या चेंडूचं. गायकवृंद समोरासमोर दोन बाजूंना बसतो, एक डीनची, म्हणजे कॅथीड्रलच्या प्रमुखाची बाजू, एक प्रिसेंटरची, म्हणजे गाण्याच्या प्रमुखाची. एक वचन इकडून, एक तिकडून. गाताना समोरच्या बाजूचं वचन ऐकणं हीसुद्धा प्रार्थना असते, हे मी अनुभवाने सांगते. तिथे मी मुकी नसते.

भाताचे_लोणी

स्तोत्रं रोज वेगळी असतात का? कोण ठरवतं?

चौथा_स्वर

क्रॅनमरच्या प्रार्थनापुस्तकात दीडशे स्तोत्रं महिन्याच्या तीस दिवसांत वाटलेली आहेत, सकाळ आणि संध्याकाळ. महिना संपला की पुन्हा पहिल्यापासून. भाषांतर कव्हरडेलचं, १५३९ च्या बायबलमधलं. पंधरा तारखेच्या संध्याकाळी ७८ वं स्तोत्र येतं, सत्तरहून जास्त वचनं. जिथे जुनी वाटणी तंतोतंत पाळतात तिथे त्या दिवशी गायकांची परीक्षा असते. आता बरीच कॅथीड्रलं त्यातला तुकडाच घेतात.

कृष्णविवर

मधुमालतीताई, पंधरा तारखेला ऑफिसातून निघताना काहीतरी खाऊन जा.

कोकणी_माणूस

मराठीत हे सगळं फादर स्टीफन्सने १६१६ मध्येच करून ठेवलं ना? ख्रिस्तपुराण, अकरा हजारांच्या आसपास ओव्या. तेही गात असत.

रुक्ष_इतिहास

कोकणी_माणूस, ख्रिस्तपुराण गात असत हे बरोबर, आणि ती ओवी अप्रतिमच आहे. पण स्टीफन्स जेझुइट, म्हणजे कॅथलिक. गंमत अशी की तो इंग्लंडचाच. तिथे एलिझाबेथच्या राज्यात कॅथलिकांना जागा नव्हती, तो रोममार्गे गोव्याला आला. बर्ड मायदेशी राहून राणीसाठी इंग्रजी अँथम रचत होता, आणि त्याच काळात हा गोव्यात मराठी ओव्या. त्यावर वेगळा धागा काढा, मी नक्की येईन.

पश्चिमबेट

स्कॉटलंडचा उल्लेख आला म्हणून लिहितो. माझं काही वर्षं तिथे वास्तव्य होतं. लुइस बेटावर गेलिक भाषेतली स्तोत्रं ऐकली आणि प्रोटेस्टंट गायनाबद्दलच्या माझ्या सगळ्या कल्पना बदलल्या.

ऑर्गन नाही, गायकवृंद नाही, चार आवाजांची बांधणी नाही. एक प्रिसेंटर पुढे बसतो. तो ओळ उचलतो, मंडळी ती ओळ हळूहळू, लांबवत उचलते, आणि प्रत्येक माणूस आपापल्या हरकती घेतो. कोणी आधी पोचतो, कोणी मागून येतो. सगळ्यांची चाल एकच, पण वाट प्रत्येकाची. शंभर गळ्यांमधून ती भरतीच्या पाण्यासारखी चढत जाते.

ओळ आधी सांगण्याची ही रीत निघाली अगदी व्यावहारिक कारणाने. १६४४-४५ मध्ये वेस्टमिन्स्टरच्या धर्मसभेने जी उपासनापद्धती घालून दिली, तिच्यात म्हटलं होतं की मंडळीत पुष्कळांना वाचता येत नसेल तर कोणीतरी स्तोत्राची ओळ न् ओळ आधी वाचून दाखवावी. इंग्लंडमध्ये ती रीत पुढे मागे पडली. स्कॉटलंडच्या पश्चिम बेटांवर आणि अमेरिकेतल्या काळ्या बाप्टिस्ट मंडळ्यांमध्ये तिचंच एक स्वतंत्र गायन तयार झालं.

नगरकर, तुमच्या बाजूचा पुरावा म्हणून हे घ्या. संगीताच्या श्रीमंतीसाठी गायकवृंदच लागतो असं नाही.

नगरकर

पश्चिमबेट, वाचून अंगावर काटा आला. दिंडीत अभंग उचलताना पुढच्याने चरण टाकावा आणि मागच्यांनी झेलावा तसं दिसतंय. यूट्यूबवर आत्ताच शोधून ऐकलं, दोनदा ऐकलं.

रुक्ष_इतिहास

नगरकर, तुमच्या गावाशी याचा सरळ धागा जुळतो.

न्यू इंग्लंडमध्ये गेलेल्या प्युरिटनांनी १६४० मध्ये स्तोत्रांचं स्वतःचं पुस्तक छापलं. त्या वसाहतींमध्ये छापलेलं पहिलं पुस्तकच ते. तिथेही ओळ सांगून गाण्याची रीत पडली. ऐंशीएक वर्षांत चाली इतक्या लांबल्या आणि इतक्या तऱ्हांनी गायल्या जाऊ लागल्या की १७२० च्या सुमारास सुशिक्षित पाळक वैतागले. स्वरलिपी शिकून 'नियमाने' गावं असं त्यांचं म्हणणं. गावकऱ्यांचं म्हणणं, आमची जुनी पद्धतच भक्तीची. कित्येक मंडळ्यांमध्ये यावरून कडाक्याची भांडणं झाली. नियमवाले जिंकले, गावोगाव गायनशाळा निघाल्या. गायनशाळेत शिकलेली तरुण मुलं-मुली चर्चमध्ये एकत्र बसायला लागली, आणि ज्यांनी इंग्लंडमध्ये गायकवृंदाला विरोध केला त्यांच्याच वंशजांच्या चर्चमध्ये गायकवृंद तयार झाला! बॉस्टनचा विल्यम बिलिंग्ज हा कातडी कमावणारा माणूस १७७० मध्ये स्वतःच्या रचनांचं पुस्तक काढतो, त्यात अँथमसुद्धा आहेत.

याच न्यू इंग्लंडच्या मंडळ्यांमधून १८१३ मध्ये गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट मुंबईला आले. पुढे १८३१ मध्ये त्यांच्या मिशनने अहमदनगरला ठाणं केलं. तुमची पेटी-तबल्याची उपासना ज्या मिशनमधून वाढली, ते हे.

नगरकर

आता ना. वा. टिळकांवर यायलाच हवं.

सुरुवातीच्या मराठी गीतांमध्ये बरीचशी भाषांतरं होती, विलायती चालींच्या मापात बसवलेली. मराठीचा आघात वेगळा, त्यांच्या चालीचा वेगळा. शब्द मराठी, पण जिभेला ओढून न्यावं लागायचं. आपल्या चालींत रचणारे टिळकांच्या आधीही होते, कृष्णराव सांगळ्यांचं नाव आमच्याकडे आदराने घेतात.

नारायण वामन टिळक १८९५ मध्ये ख्रिस्ती झाले आणि अमेरिकन मराठी मिशनमध्ये काम करू लागले. त्यांनी अभंग, ओवी, पद, भजन या घाटात गीतं रचली, शेकड्यांनी. तुकारामाच्या पुलावरून मी ख्रिस्ताकडे आलो असं ते म्हणत, आणि गीतं वाचली की ते पटतं. खेड्यातल्या माणसाला स्वरलिपी, ऑर्गन, चार आवाज काही लागत नाही. टाळ घेतला की झालं. १९१७ मध्ये मिशनची नोकरी सोडून त्यांनी 'देवाचा दरबार' हा ख्रिस्तभक्तांचा मेळा सुरू केला, दोन वर्षांनी गेले. त्यांच्या काही गीतांची भाषांतरं इंग्रजी गीतपुस्तकांतही गेली आहेत.

क्रॅनमर जे पत्रात मागत होता, शब्द कळला पाहिजे आणि माणसाने भक्तीने गायला पाहिजे, ते टिळकांनी आमच्यासाठी केलं. म्हणून मला गायकवृंदाची भीती वाटते. मंडळीला मिळालेलं हे धन कोणी सुंदर आवाजाच्या चार माणसांच्या हाती परत देऊ नये.

सरोजिनी_काकू

नगरकर, तुमची कळकळ पोचली. पण एक विचारते. ख्रिस्ती कीर्तनंही नगरलाच सुरू झाली ना? माझ्या लहानपणी आमच्या वाड्यासमोर नाताळात होत असत. कीर्तनकार बोलणार, गाणार, आणि आम्ही दोन-दोन तास ऐकणार. टिळक स्वतः कीर्तनं करत. तिथे ऐकणारी मंडळी उपासना करत नव्हती असं म्हणाल का? श्रवण ही नवविधा भक्तीतली पहिली भक्ती आहे, हे आपल्याकडे कोणाला शिकवावं लागत नाही.

नगरकर

काकू, नाही म्हणणार नाही. पण कीर्तनात गजर येतो. बुवा थांबतात आणि सगळे उचलतात. ऐकणाऱ्याला आपला आवाज मिसळायची जागा असते. मधुमालतीताईंनी वर्णन केलेल्या उपासनेत ती जागा कुठे आहे, एवढंच माझं विचारणं.

चौथा_स्वर

जागा आहे. विश्वासांगीकार, म्हणजे श्रद्धेची कलमं, सगळे मिळून म्हणतात, प्रभूची प्रार्थना बहुतेक ठिकाणी म्हणतात, आणि पुष्कळ ठिकाणी शेवटी एखादं गीत सगळ्यांनी उभं राहून गायचं असतं. कमी आहे, पण आहे.

ऑर्गनपेटी

सगळं एका रेषेत चढत गेलं असा समज होऊ नये म्हणून पडझडीबद्दलही लिहितो.

१६६० मध्ये प्युरिटनांची सत्ता संपून राजा दुसरा चार्ल्स परत आला तेव्हा पंधराएक वर्षं गायकवृंद बंद होते. एक पिढीच शिकलेली नव्हती. वरच्या आवाजाला मुलगे नाहीत म्हणून तो भाग वाद्यावर वाजवून वेळ मारून न्यावी लागली. कॅप्टन हेन्री कुक नावाच्या शिक्षकाने राजचॅपेलसाठी मुलगे गोळा केले आणि त्यांतून हम्फ्री आणि ब्लो हे संगीतकार निघाले. पर्सेलही राजचॅपेलचाच मुलगा. राजाला फ्रान्सची हवा लागलेली, त्याने अँथममध्ये व्हायोलिनं आणली. जॉन एव्हलिनने डिसेंबर १६६२ च्या रोजनिशीत लिहिलंय की हे चर्चपेक्षा गुत्त्यात किंवा नाटकगृहात शोभेल. हँडेलने १७२७ च्या राज्याभिषेकासाठी लिहिलेला 'झेडॉक द प्रीस्ट' तेव्हापासून प्रत्येक राज्याभिषेकात गायला गेला आहे, २०२३ मध्येही.

पण त्याच काळात कॅथीड्रलांची रोजची स्थिती खालावत चालली होती. गायक येत नसत, पगार अपुरे. १८३४ च्या सुमारास हेरफर्डला एस. एस. वेस्लीने ईस्टरसाठी अँथम लिहिला तेव्हा हाताशी मुलगे आणि मोठ्यांपैकी एकच खर्जातला आवाज होता अशी हकिकत सांगतात. रचना मात्र आजही गातात. मग चर्चमधले जुने विधी परत आणू पाहणारी ऑक्सफर्ड चळवळ आली, गायकवृंदाला शिस्त आली, पांढरे झगे आले, आणि लीड्ससारख्या गावच्या चर्चनेही १८४१ पासून कॅथीड्रलसारखी रोजची गायलेली उपासना सुरू केली.

या सुधारणेत एक फार वाईट गोष्ट झाली, आणि इथे मी नगरकरांच्या बाजूला आहे. गावच्या चर्चमध्ये मागच्या सज्ज्यात बसणारे गायक-वादक असत. सुतार, लोहार, शेतमजूर. फिडल, क्लॅरिनेट, बॅसून ही वाद्यं वाजवायचे, गावातल्याच कोणीतरी रचलेले अँथम आणि स्तोत्रं गायचे. त्यांना गावंढळ ठरवून घरी बसवलं, सज्जे पाडले, त्या जागी हार्मोनियम किंवा ऑर्गन आला. दीडशे वर्षांची लोकांची परंपरा एका पिढीत मोडली. मला त्याचं आजही दुःख होतं.

भाताचे_लोणी

आणि मुली? सगळीकडे मुलगेच?

चौथा_स्वर

१९९१ मध्ये सॉल्झबरी कॅथीड्रलने मुलींचा स्वतंत्र गायकवृंद सुरू केला, मुलांच्या बरोबरीचं शिक्षण देऊन. तेव्हा वर्तमानपत्रांत केवढी चर्चा! आता बहुतेक कॅथीड्रलांमध्ये मुली गातात. मुलांचा आवाज वेगळा, मुलींचा वेगळा, असं ठामपणे सांगणारे अजून भेटतात. मी डोळे मिटून ऐकलं, मला फरक कळला नाही आणि त्याची गरजही वाटली नाही.

मधुमालती

सगळ्यांचे मनापासून आभार. इतकं मिळेल असं वाटलं नव्हतं.

ऑर्गनपेटी, तुमच्या लिहिण्यावरून मला असं समजलं की इंग्लंडमध्ये दोन वेगळी संगीतं शेजारी नांदत होती. कॅथीड्रलात चँट आणि अँथम, गावच्या चर्चमध्ये पद्यातली स्तोत्रं आणि पुढे गीतं. म्हणजे माझ्या प्रश्नाचं उत्तर हेच का, की मंडळीचं गाणं होतंच, फक्त मी ज्या इमारतीत जाऊन बसते तिथे ते कमी होतं?

ऑर्गनपेटी

बऱ्याच अंशी हो. कॅथीड्रलाकडे उत्पन्न होतं, गायकांच्या नेमणुका कायम होत्या, मुलांची शाळा होती. तिथे रोज गाणं हे ठरलेलं काम, ऐकायला माणूस असो वा नसो. हिवाळ्यात मंगळवारी संध्याकाळी समोर चार माणसं असतात आणि वीसबावीस जण पूर्ण तयारीने बर्ड गातात. ते त्या चार माणसांसाठी गात नाहीत. ही दृष्टी मंडळीच्या चर्चपेक्षा मठाच्या जवळची आहे, आणि क्रॅनमरने मठातल्या सात-आठ वेळच्या प्रार्थना गोळा करून सकाळ-संध्याकाळच्या दोन केल्या, तिथून ती आली.

गावच्या मंडळीने आधी स्टर्नहोल्ड-हॉपकिन्स गायला, मग आयझॅक वॉट्सची गीतं. वॉट्स खरा बंडखोर. १७०७ मध्ये त्याने म्हटलं की फक्त दावीदाचे शब्द का, आपल्या अनुभवाचीही गीतं गाऊ.

ताई, १९२६ पासून बीबीसी दर आठवड्याला इव्हनसाँग प्रसारित करतं. प्रत्येक वेळी वेगळं चर्च. एकाच स्तोत्राला किती तऱ्हांच्या चाली आहेत ते त्यातून कळेल.

नगरकर

'ते त्या चार माणसांसाठी गात नाहीत.' हे वाक्य मला पटायला वेळ लागेल, पण विचार करतोय. वॉट्सबद्दल शंभर टक्के सहमत.

सरोजिनी_काकू

आता मला एक शंका आहे. २९ नोव्हेंबर १९७० ला नागपूरला उत्तर भारताची मंडळी, म्हणजे सीएनआय, स्थापन झाली. त्यात अँग्लिकन आले, मेथडिस्ट आले, बाप्टिस्ट आले, आणि नगरकरांच्या परंपरेचे लोकही. म्हणजे चँटवाले आणि अभंगवाले एका छताखाली. मराठी उपासनेत अँग्लिकनांचं चँट कधी गायलं गेलं का?

चौथा_स्वर

काकू, माझे आजोबा अँग्लिकन. प्रार्थनापुस्तकाचं मराठी भाषांतर त्यांच्याकडे होतं, जीर्ण झालेलं, पुठ्ठा कापडाने शिवलेला. मराठी उपासनेत स्तोत्र गायलेलं मी ऐकलं नाही. ते वाचायचे. एक वचन पाळक, पुढचं वचन मंडळी, शेवटी पित्याला आणि पुत्राला गौरव सगळ्यांनी मिळून. मराठी वाक्यात क्रियापद शेवटी येतं, त्यामुळे वचनाच्या शेवटी सगळ्यांचा आवाज आपोआप खाली उतरायचा आणि एक सूर तयार व्हायचा. चाल कोणी लावलेली नव्हती.

नगरकर

आमच्याकडे अजूनही असंच वाचतात! पाळक आणि मंडळी आळीपाळीने. हे अँग्लिकनांकडून आलं की आमचं आधीचं, सांगता येईल का कोणाला? चौथा_स्वर, ते पुस्तक घरात असेल तर पहिल्या पानाचा आणि स्तोत्रांच्या एखाद्या पानाचा फोटो टाका. वचनांमध्ये मध्येच थांबायची काही खूण छापली आहे का ते बघायचं आहे.

चौथा_स्वर

पुस्तक मामाकडे मिरजेला आहे. दिवाळीत जाणार आहे, तेव्हा काढते आणि याच धाग्यावर टाकते.